डागाची छटा

कासार आंबोलीच्या रत्नाबाईंना माजघराच्या भिंती राखाडी करून हव्या होत्या. नवरा गेणबा वर्षापूर्वी वारला होता. तो रोज जिथं टेकून बसे, तिथला त्याच्या डोक्याचा तेलकट डाग पांढऱ्या चुन्यातून पुन्हा पुन्हा वर येत होता.

"माज्या लेकीला, जयाला बघायला मानसं येनार हायेत. डाग गेला पायजे," त्या म्हणाल्या.

पौडच्या गनी रंगाऱ्यानं चुन्यात कंदिलाची काजळी कालवली. ओला रंग काळपट दिसतो, वाळला की उजळतो. म्हणून तो कोपऱ्यात पट्टा मारून वाळू देई, मग आणखी काजळी घाली. असं करत त्यानं डागाचीच छटा जमवली.

दुपारी भिंती वाळल्या. डाग पार बुडाला होता. फक्त शेजारच्या भिंतीवर डोक्याएवढा एक गोल काळाच राहिला होता.

"ओल आसंल," म्हणत गनीनं त्यावर आणखी एक हात मारला. तो गोल गेला आणि दाराजवळ उगवला, उभ्या माणसाच्या डोक्याच्या उंचीवर. गनीनं बोट लावलं. खोबरेल होतं, आणि कोमट होतं.

घमेलं तिथंच टाकून त्यानं पौडची वाट धरली.

घरी त्याच्या बायकोनं, जैनबबीनं, दोन कप चहा आणला.

"दुसरा कुनाला?"

"तुमच्या संगट आलेल्या पाव्हन्यांना. आत्ता तर हितं टेकून बसलं व्हतं."

गनीनं वळून पाहिलं. त्याच्या पांढऱ्या भिंतीवर, बसलेल्या माणसाच्या डोक्याच्या उंचीला, तेलाचा ओला गोल होता.

बघता बघता तो सावकाश वर सरकू लागला, भिंतीला टेकलेला माणूस उठावा तसा.