शेवटचे आठ गोळे

थोरलीने एकदा दाराकडे पाहिलं आणि परातीत उरलेल्या कणकेवर दोन चमचे मीठ घातलं. पाण्याचा हात लावून ते मळून जिरवलं. कणीक थोडी सैल झाली, तसं चिमूटभर पीठ टाकून ती पुन्हा घट्ट केली. नेमके आठ गोळे झाले. धाकटी जाऊ वाळलेले कपडे काढून परत येईपर्यंत ते ओल्या फडक्याखाली गेलेही होते.

आठ, कारण दर रविवारी आठच पुऱ्या गायब व्हायच्या. थोरली लाटायची, धाकटी तळायची. साठ लाटल्या की ताटांत बावन्नच यायच्या. जायच्या त्याही शेवटच्या घाण्यातल्या, गरम, टम्म फुगलेल्या. चपट्या राहिलेल्या, तेल प्यालेल्या मात्र जागच्या जागी. चोराला पारख होती, हे थोरलीला मान्य करावंच लागलं.

नवऱ्याला सांगून पाहिलं. "पुऱ्या कुणी मोजतं का?" असं म्हणत त्याने सातवी उचलली.

त्याला काय कळणार! जेवणं आटोपली की धाकटी पिशवी काखोटीला मारून "शिंप्याकडे जाऊन येते" म्हणत बाहेर पडायची. दर रविवारी शिंप्याकडे कसली कामं निघतात? शिवून आलेलं तर कधी काही दिसलं नव्हतं. धाकटीचं माहेर बसने दोनच थांबे पुढे होतं. म्हणजे इथे थोरलीने मरमर लाटायचं आणि तिथे धाकटीच्या आईने बसून खायचं.

थोरली जन्माची संशयी नव्हती. पण तिची लेक वर्षभर "क्लासला जाते" म्हणत राहिली आणि एक दिवस लग्नाचं सर्टिफिकेट घेऊन दारात उभी राहिली. तेव्हापासून पिशवी घेऊन बाहेर जाणारं कुणीही दिसलं की थोरलीच्या मनात पाल चुकचुकायची. लेकीला तिने घर बंद केलं होतं. आठ महिन्यांत तिचं नावही काढलं नव्हतं. आता धाकटी सापडली की चूल वेगळी मागायची, हेही तिने ठरवून टाकलं होतं.

शेवटचा घाणा तिने डोळ्यांत तेल घालून पाहिला. मिठाच्या आठही पुऱ्या झकास फुगल्या. धाकटीने झाऱ्याने उलटल्या, निथळल्या. ताटात त्यातली एकही आली नाही. थोरलीला इतकं बरं वाटलं, की तिने धाकटीला आग्रह करकरून जेवायला वाढलं.

धाकटी गेली. थोरली दाराशी खुर्ची टाकून बसली. पहिल्या घासाला धाकटीच्या आईचं तोंड कसं झालं असेल, या विचाराने तिला एकटीलाच हसू येत होतं.

तासाभराने धाकटी आली. रिकामा डबा तिने ओट्यावर ठेवला आणि पाठमोरीच उभी राहिली.

"काय म्हणाला शिंपी?" थोरलीने विचारलं.

धाकटी वळली. तिचे डोळे लाल होते. "मीठ तुम्ही घातलंत ना?"

"घातलं. पुढच्या रविवारी आळणी चालतील का, विचार तुझ्या आईला."

"आईकडे कुठे जाते मी? तुमच्या लेकीकडे जाते." धाकटी जमिनीवरच बसली. "तुझ्या आईने पाठवल्यात, असं सांगते तिला. दर वेळी."

थोरली खुर्चीवरून उठली.

"पहिला घास घेतला आणि थांबली," धाकटी सांगू लागली. "मी तिच्या हातातला तुकडा चाखला, तर थुंकायची वेळ आली. म्हटलं, टाकून दे गं. तर म्हणाली, 'काकू, आईचा राग गेलेला नाही. पण पाठवल्यात तर तिनेच ना.' आणि डबा पुढे ओढला. पाणी पीत पीत सगळ्या संपवल्या, जाऊबाई. एकही टाकू दिली नाही."