साखरेच्या कागदातला दगड

अ‍ॅटलासच्या डोंगरात बासूच्या गावाला एका जातीचा पांढरा दगड सापडायचा. त्याच्याजवळ काळ धावायचा. सकाळी शेजारी बांधलेलं शिंगरू संध्याकाळी ओझं वाहायचं. गावाला त्याचं कौतुक नव्हतं. हवा होता पाण्याचा नळ, आणि नळाचा अर्ज कचेरीत तिजानीसाहेबांच्या खणात अकरा वर्षं झोपला होता.

"पाणी वाहून माझी कंबर गेली," बासूची बायको इट्टो म्हणाली. "दरवेळी साहेबाला निळ्या कागदातला साखरेचा सुळका नेता ना? यंदा त्या कागदात दगड बांधा. मेल्याचा हात तरी भरभर चालेल."

बासूने तेच केलं. साहेबांनी भेट नेहमीसारखी न उघडताच खणात, अर्जाच्या उरावर ठेवली. "होईल काम. जरा धीर धर."

आठ दिवसांनी बासू मोठ्या आशेने गेला, तर खुर्चीत नवाच माणूस.

"तिजानीसाहेब कुठंयत?"

"निवृत्त झाले. वय झालं होतं त्यांचं."

"आणि माझा अर्ज?"

नव्या साहेबाने खणातून एक पिवळाजर्द, चुरा होत आलेला कागद दोन बोटांत धरून वर काढला.

 

"इतका जुना अर्ज चालत नाही. नवा लिहून आण, आणि येताना साखर विसरू नकोस."