अकरावा खेळाडू

ओहायोतल्या एका कॉलेजच्या वेबसाइटचं सगळं काम आश्लेषा करायची. पण ऑफिसचा ग्रुप फोटो निघायची वेळ आली, की तिचा बॉस ग्लेन हमखास कॅमेरा तिच्याच हातात कोंबायचा. "कुणीतरी फोटो काढायला हवाच ना!" सहा वर्षांत ती एकाही फोटोत नव्हती.

कॉलेजच्या फुटबॉल टीमने १९०७चा सीझन एकही मॅच न हरता गाजवला होता. त्याच्या शंभरीला टीमच्या जुन्या फोटोचा भलामोठा बॅनर आश्लेषानेच करून घेतला. फोटोत अकरा खेळाडू, अगदी उजव्या कडेला ग्लेनचे आजोबा. त्यांना बघायला ग्लेन अख्खं खानदान घेऊन आला.

पडदा सरकला. बॅनरवर दहाच जण!

"माझे आजोबा कुठे गेले?" ग्लेन किंचाळला.

आश्लेषा गोड हसली.



"कुणीतरी फोटो काढायला हवाच ना!"