फळ्यावरचं गणित

मसाका गावच्या व्हिडिओ हॉलमध्ये परदेशी सिनेमा लागला की त्याचा आवाज बारीक करून लुगांडात, म्हणजे तिथल्या लोकांच्या भाषेत, गोष्ट सांगायची, हे सेबोवाचं काम. मूळ भाषा त्याला ओ की ठो कळत नसे, पण हे गावाला माहीत नव्हतं. आज मात्र विज्ञान शिकवणाऱ्या नाकिबूका बाई पहिल्याच बाकावर येऊन बसल्या आणि आज आपलं बिंग फुटणार, हे त्याने ओळखलं.

पडद्यावर उडती तबकडी उतरली. टकल्या शास्त्रज्ञाने फळाभर गणित मांडलं आणि तो हातवारे करत काहीबाही बोलू लागला. सेबोवाने माइक धरला. "हा म्हणतोय, हे परग्रहावरचे उगाच नाही आले! आपल्या जमिनीचे कागद करून आणलेत यांनी!"

"अंगठा देऊ नका रे!" अख्खा हॉल ओरडला. मागून एक म्हातारी गरजली, "माझी केळीची बाग मोजायला येऊ तर दे, तंगडी मोडीन मेल्याची!"

सिनेमा संपताच बाईंनी सेबोवाला गाठलं. "फळ्यावर काय लिहिलं होतं, कळलं का तुला?"

"चुकलो, बाई. मी सगळं मनाचंच सांगतो."

"त्यानेही मनाचंच लिहिलं होतं. त्या गणिताला ना शेंडा ना बुडखा." बाई हसल्या. "तुझं मात्र अगदी बरोबर होतं. उद्या पुन्हा हाच लाव. माझ्या बागेवर डोळा ठेवून बसलेल्या दिरांना घेऊन येते, पहिल्या बाकावर."