चौथं पान

"चौथं पान कुठंय?" फोनवर संपादक विचारत होते. माणूस भला, पण मजकूर दिसला की कापायला घ्यायचा, म्हणून मागून सगळे त्यांना कात्री म्हणत. "तेवीस पानं आली. उरलेलं एक काय मी लिहू?"

"संध्याकाळपर्यंत देते," असं म्हणून तिनं फोन ठेवला. दारात बारकी फॉर्म घेऊन उभी होती. लेकीलाही उत्तर संध्याकाळच्या आतच हवं होतं.

मुलांसाठी 'पहिली' नावाची मालिका ती लिहायची. पहिली शल्यविशारद, पहिली पूल बांधणारी, पहिली वैमानिक. बावीस पुस्तकं झाली होती, सगळी चोवीस पानी, आणि कात्रींचा साचा ठरलेला. पहिली तीन पानं बालपण. चौथं पान विरोधाचं. तिथं बाप, काका, मास्तर, नाहीतर शेजारी, कोणी ना कोणी आडवं यायलाच हवं. पाचव्या पानाची सुरुवात एकच: 'पण ती डगमगली नाही.' बारकी लहान असताना चौथं पान आलं की उशीत तोंड खुपसायची आणि आतूनच विचारायची, "पाचवं आलं का?"

तेविसाव्या पुस्तकात मात्र गाडं अडलं. डोंगरमाथ्यावरच्या वेधशाळेत सलग दोन हिवाळे राहून वाऱ्याच्या नोंदी घेणारी ही पहिली मुलगी. सतराव्या वर्षी वर गेली. कागदपत्रं ढीगभर होती, पण अडवणारं माणूस एक नव्हतं. बाप आधीच वारलेला. आई लोकांचे कपडे धुणारी, अक्षरशत्रू, आणि पोरगी एकुलती एक. तिनं पोरीला अडवलं की जाऊ दिलं, याबद्दल कुठं अवाक्षर नाही. "आईनंच अडवलं असणार, घाला की," कात्री म्हणाले होते. पण पोरांना खोटं सांगायचं नाही, हा तिचा स्वतःचा नियम होता. खरं सापडेना आणि खोटं लिहवेना.

"आई, सही," बारकी म्हणाली. "पाचला खिडकी बंद होते. साडेतीन झालेत."

फॉर्म संशोधन जहाजावरच्या प्रशिक्षणाचा होता. दोन वर्षं समुद्राचं तापमान मोजत हिंडायचं. चारशे अर्जांतून अकरा जणांची निवड झाली होती, त्यांत बारकी. अठरा पुरी व्हायला चार महिने कमी, म्हणून पालकाची सही हवी. पालक आता एकच उरली होती.

"समुद्र म्हणजे काय घरचं अंगण आहे? अंगावर मूठभर मांस नाही. वाऱ्यानं उडून जाशील."

आठ दिवस ती हेच सांगत होती. खरं कारण निराळं होतं. नवरा गेल्यापासून या दोन खोल्यांत तिच्याशी बोलणारं एवढंच एक माणूस होतं. पोरगी गेली की भिंतींशी बोलायचं. त्या विचारानं तिचा जीव कासावीस व्हायचा, आणि हे कबूल करायची तिला लाज वाटायची. बावीस पुस्तकं लिहिलेल्या बाईनं असं बोलावं कुठल्या तोंडानं?

"लोका सांगे ब्रह्मज्ञान," बारकी पुटपुटली.

"आगाऊपणा नको. बस तिथं, मला काम आहे."

बारकी टेबलाशी बसली. समोर वेधशाळेच्या जुन्या नोंदवहीतल्या पानाचा फोटो पडला होता. मुलीचं नाव, वय सतरा, रुजू झाल्याची तारीख. खालच्या कोपऱ्यात एक काळा ठिपका. त्याला तिनं लाल पेन्सिलीनं गोल करून चित्रकारासाठी लिहिलं होतं: 'शाईचा डाग, काढून टाकणे.'

"हा डाग नाहीये, आई."

"महिनाभर बघतेय मी तो."

"भिंग लावून बघ ना. यात रेषा आहेत."

तिनं नाइलाजानं भिंग लावलं. रेषा होत्या, एकात एक गोल फिरलेल्या, मधेच झिजून तुटलेल्या. अंगठा होता तो. शेजारी, कागदाच्या घडीत गेलेली कारकुनाची बारीक अक्षरं होती: 'आईची निशाणी. संमती आहे.'

तिनं भिंग खाली ठेवलं. उभा महिना ती या बाईच्या तोंडी 'नाही' शोधत होती आणि तिचा 'हो' पुसायला सांगून मोकळी झाली होती.

"मग चौथ्या पानाचं काय?" बारकीनं विचारलं. "तिथं अडवणारं कोणी लागतंच ना?"

"आहे एक अडवणारी," ती म्हणाली. "पण ती या पुस्तकातली नाही. पेन दे."

सही वाकडी आली. बारकीनं दोन्ही हातांनी तिच्या गळ्याला मिठी मारली आणि पायऱ्या दोन-दोन उतरत पळाली. खालचं दार आपटलं. घर एकदम मोठं वाटायला लागलं. तिनं डोळे पुसले आणि लिहायला बसली.

सहाला कात्रींचा फोन आला.

"अहो, हे काय चौथं पान? अंगठ्याचा फोटो आणि खाली एकच ओळ. 'लेक गेली की आई घरात एकटीच उरणार होती.' यात विरोध कुठंय?"

"नव्हताच."

"मग पाचव्या पानावरचं 'पण ती डगमगली नाही' मी कापतो. त्याला आता अर्थच उरला नाही."

"राहू द्या," ती म्हणाली. "ते आता आईबद्दल आहे."