एनिडचं शेवटचं पान

"तुझी आई मधेच मरते आणि मग परसात येऊन शेजाऱ्याच्या कबुतरांना शिव्या घालते," ग्रॅहम म्हणाला. "हे मुद्दाम केलंयस का?"

नेव्हिल ॲकरॉइडने त्याच्या हातातून आपलं नवं कॉमिक जवळजवळ हिसकावूनच घेतलं. चाळलं आणि कपाळाला हात लावला. मुखपृष्ठाच्या आत मधला कागद बाहेर गेला होता, बाहेरचा मधे आला होता. त्याने ढिगातली दुसरी प्रत उघडली, मग तिसरी. सगळ्या तशाच.

"मला आवडलं हं," ग्रॅहम म्हणाला आणि स्वतःचं गोगलगायींचं कॉमिक टेबलावर ठेवून, बदल्यात नेव्हिलची प्रत घेऊन निघून गेला. हडर्सफील्डच्या चर्चच्या हॉलमध्ये भरणाऱ्या या जत्रेची रीतच अशी. विकणारे कॉमिकवाले, घेणारेही कॉमिकवालेच. कुणी गोगलगायींवर काढतो, कुणी स्वतःच्या पोटदुखीवर. दिवसभर एकमेकांशी अदलाबदल करायची आणि आणलं होतं तेवढंच ओझं घेऊन घरी जायचं. उमेदीची सगळी वर्षं नेव्हिलने या लष्करच्या भाकऱ्या भाजल्या होत्या. चित्रं तो काढायचा, झेरॉक्स तोच करायचा. घड्या घालून पिना मारायचं काम त्याच्या आईचं, एनिडचं, होतं. ती गेल्यावर ते वडिलांनी मागून घेतलं.

आणि नेमकी आज लंडनहून एका खऱ्या प्रकाशनाची बाई येणार होती. आईवरचं हे कॉमिक बघते आणि मग पुस्तकाचं ठरवते, असं तिने फोनवर सांगितलं होतं. पिना मारलेलं नव्हे, पाठीला कणा असलेलं, दुकानाच्या फळीवर उभं राहणारं पुस्तक. नेव्हिलच्या आयुष्यात असा फोन पहिल्यांदाच आला होता, आणि या वयात दुसरा येण्याची चिन्हं नव्हती.

टेबलामागे घडीच्या खुर्चीवर त्याचे म्हातारे वडील अर्नल्ड डोक्यावरची टोपी न काढता अंड्याचं सँडविच खात बसले होते.

"बाबा, हे काय करून ठेवलंत?"

"काय?"

"कागद खालीवर लावलेत तुम्ही. सगळ्या प्रतींत."

"असं होय."

"असं होय काय? ती बाई येईल आता."

"येऊ दे की. वाचता येतंय ना?"

नेव्हिलने चहाच्या टेबलावरून लोण्याची सुरी आणली आणि पिना उचकटायला सुरुवात केली. एक पीन निघाली, दुसरीने बोटाला ओरखडा काढला. कसेबसे त्याने एका प्रतीतले कागद जागेवर आणले आणि ती बाजूला ठेवली. शेजारच्या टेबलावरची पोटदुखीवाली आपलं कॉमिक पुढे करून म्हणाली, "अदलाबदल?" तो तिच्या अंगावर ओरडता ओरडता राहिला.

"जरा धरा हे टोक," तो वडिलांना म्हणाला. "दोघं मिळून आणखी चार तरी नीट करू."

अर्नल्ड जागचे हलले नाहीत.

"बाबा, जन्मभर गिरणीत काढलात तुम्ही. मागावरचा एक धागा तुटला तर लांबून दिसायचा तुम्हाला. आणि तीन कागद एकात एक लावता येत नाहीत?"

"येतात."

"मग?"

अर्नल्डनी सँडविच कागदात गुंडाळून मांडीवर ठेवलं. "पहिल्या काही बरोबरच लावल्या होत्या. तुझ्या आईची शिस्त तुला ठाऊक आहे. पीन मारायच्या आधी प्रत्येक प्रत शेवटपर्यंत चाळून बघायची. मी चाळली. शेवटच्या पानावर ती गेली. दुसरी लावली, चाळली. परत गेली." त्यांनी अंगावरचा चुरा झटकला. "तुला ते एकदाच काढावं लागलं, लेका. माझ्यापुढे ढीग होता."

नेव्हिलने सुरी टेबलावर ठेवली.

"म्हणून मग मधला कागद बाहेर घेतला," अर्नल्ड म्हणाले. "आता शेवटी ती परसात असते. पहिल्या त्या मी घरीच ठेवल्यात."

नेव्हिलला भयंकर राग आला आणि तो कुणावर काढावा हे कळेना. इतकी वर्षं कुणी ढुंकून पाहिलं नाही, आणि आज पाहणार तर हे. घरी सांगता आलं असतं. काल सांगता आलं असतं. काल सांगितलं असतं तर आपण काय केलं असतं, तेही त्याला सांगता येईना.

"मिस्टर ॲकरॉइड?"

लांब कोटातली एक बाई टेबलापुढे उभी होती. "मी लेथम. आपलं फोनवर बोलणं झालं होतं. हेच ना ते?" तिने बाजूला ठेवलेल्या त्या एकुलत्या नीट प्रतीकडे हात नेला.

नेव्हिलने त्या प्रतीवर आपला तळवा ठेवला. "ती नको," तो म्हणाला. "बाबा, यांना तुम्ही लावलेल्यातली एक द्या."

अर्नल्डनी बोटं पँटला पुसली. ढिगातली वरची प्रत उचलली आणि पहिलं पान उलटलं. मग दुसरं. बाई हात पुढे करून उभी होती. तिने एकदा घड्याळाकडे पाहिलं, एकदा नेव्हिलकडे.

"थांबा जरा," नेव्हिल तिला म्हणाला. "ते शेवटपर्यंत बघतात."