मदतीची फाइल

एकोणनव्वद साल. रामदासपेठेतल्या ऑफिसात कॉम्प्युटरची मदतीची कळ दाबली की इंग्रजी अक्षरांत वऱ्हाडी बोल उमटायचे : "भेऊ नको गा, पुन्हा दाबून पाह्य." साऱ्या प्रोग्रामांना मदत पुरवणारी ती एकच जुनी फाइल कौसल्याच्या नवऱ्यानं, देवरावनं लिहिलेली. तो वारून वर्ष झालं, तरी काही अडलं नसतानाही कौसल्या ती कळ दाबायची.

"काहून जिवाले त्रास देऊन राहिली वं पोरी?" शेजारच्या टेबलावरच्या अंजनाबाई म्हणाल्या. "पुसली मी ती फाइल."

कौसल्या पडद्याकडे वळली. तापानं फणफणलेलं लेकरू सक्करदऱ्याला घरी सासूपाशी ठेवून ती आली होती. बोट आपसूक कळेवर गेलं.

पडदा काळाच राहिला. मग देवरावच्याच बोलीत एकेक अक्षर उमटू लागलं.

"ताप उतरला वं पोट्ट्याचा. माझ्यापाशी निजला आता."